दोन बोटांत बसलेलं गाणं

गिटार खरं तर त्याच्या ताईची होती. ताई एका कचेरीत टायपिस्ट. पहिल्या पगारात तिनं ती मोठ्या हौसेनं आणली आणि तीन आठवड्यांत तिच्या लक्षात आलं, की दिवसभर टाइप करून आधीच ठणकणारी बोटं संध्याकाळी तारांवर घासायची म्हणजे दुष्काळात तेरावा महिना.

"घे, तूच वाजव," ती धाकट्या भावाला म्हणाली. "नाहीतर आई हिच्यावर टॉवेल वाळत घालेल."

तो तेव्हा चौदा वर्षांचा होता. वडील घरांना रंग द्यायचे, शिड्यांवर चढ-उतर करून दमून यायचे आणि जेवल्या जेवल्या आडवे व्हायचे. त्यांनी गिटारला हरकत घेतली नाही. "माझी झोप मोडली तर मात्र बघ," एवढंच म्हणाले. म्हणून तो स्वयंपाकघराचं दार लावून, तारांखाली फडकं खुपसून सराव करायचा. पुढे रेकॉर्डिंगला लोक म्हणायचे, याचा हात किती हलका. त्याचं श्रेय तो वडिलांच्या घोरण्याला द्यायचा.

विसाव्या वर्षी त्याला स्टुडिओचं पहिलं बोलावणं आलं, तेही नेहमीच्या गिटारवाल्याला गालगुंड झालं म्हणून. त्या काळी सगळे वादक एका खोलीत बसून एकदमच वाजवायचे. एकजण चुकला की चाळीस जणांना पहिल्यापासून सुरुवात. समोर लाल दिवा लागला आणि त्याची पाचावर धारण बसली. सुरुवातीचा तुकडा त्याचाच होता आणि तो उशिरा शिरला. दुसऱ्यांदाही तेच. तिसऱ्यांदाही.

शेजारच्या खुर्चीत व्हायोलिन वाजवणाऱ्या एक पोक्त बाई होत्या, सगळे त्यांना मावशी म्हणत. त्या त्याच्याकडे न बघताच पुटपुटल्या, "कागद बघू नकोस. माझा पाय बघ." चौथ्या वेळी त्यांनी चपलेचा अंगठा उचलला, खाली टेकवला, आणि तो नेमका शिरला. त्याचा जीव भांड्यात पडला. ज्या संयोजकांनी सगळं गाणं बसवलं होतं, ते चष्म्यावरून बघत म्हणाले, "एकच्या ठोक्याला हा सव्वावर शिरतो. पण वाजवतो गोड. उद्या या, सव्वा."

ते नाव त्याला जन्मभर चिकटलं. पुढची त्रेचाळीस वर्षं त्या खोलीतली डावीकडची तिसरी खुर्ची त्याची झाली. किती गाण्यांत वाजवलं, कोण मोजतो? रेकॉर्डच्या वेष्टनावर गायकाचं नाव, संगीतकाराचं नाव. वादकांचं कुठेच नाही. याचं त्याला वाईट वाटायचं का, असं कुणी विचारलं तर तो म्हणायचा, "पोळी कुणी लाटली ते विचारत बसला तर माणूस जेवणार कधी?"

बायकोही त्याला स्टुडिओमुळेच मिळाली. एकदा संयोजकांच्या चष्म्याची दांडी मोडली, तर त्यांनी सव्वाला कोपऱ्यावरच्या दुकानात पिटाळलं. काउंटरवरच्या मुलीनं दोन मिनिटांत स्क्रू बसवून दिला. पुढच्या आठवड्यात तो संयोजकांचाच चांगला धडधाकट चष्मा घेऊन तीनदा तिथं गेला. तिसऱ्या खेपेला ती म्हणाली, "चष्म्याला काही झालेलं नाही. तुम्हालाच काय झालंय ते सांगा."

सगळं सुरळीत चाललं होतं. मग, तो एकेचाळीस वर्षांचा असताना, मोटारीच्या दारात त्याचा डावा हात सापडला. करंगळी आणि शेजारचं बोट. डॉक्टरांनी हाडं जुळवली, पण स्पष्ट सांगितलं, की ही दोन पूर्वीसारखी वाकतील याची आशा धरू नका. गिटार वाजवणाऱ्याचं सगळं पोट त्याच हातावर. तो घरी आला आणि दोन दिवस भिंतीकडे तोंड करून पडून राहिला.

तिसऱ्या दिवशी उठून तो संयोजकांकडे गेला, माझ्या जागी दुसरा माणूस घ्या हे सांगायला. त्यांनी त्याला बसवलं, चहा मागवला आणि म्हणाले, "तुझी बायको काल येऊन गेली."

"ती? कशाला?"

"ती म्हणाली, हा घरी गाणी लिहितो आणि कपाटात ठेवतो. खरं का?"

तो लाजला. एवढ्या मोठमोठ्या लोकांची गाणी वाजवणाऱ्यानं आपलं चिटोरं कुठे दाखवायचं, असं त्याला वाटायचं.

"खुर्ची कुठे पळून जात नाही," संयोजक म्हणाले. "बरा होईस्तोवर दोन बोटांत जमेल तेवढंच तुझ्यासाठी लिहीन मी. पण तू गाणं आण."

आणि त्यांनी शब्द पाळला. पाच महिने त्याच्या कागदावर सोप्यात सोपे तुकडे असायचे आणि अवघड ते मावशी व्हायोलिनवर उचलायच्या, जणू गाणं तसंच बसवलं होतं. खोलीत कुणी अवाक्षर काढलं नाही.

गाण्याला मात्र वेळ लागला. हातावर प्लॅस्टर असताना रोज सकाळी बायको त्याच्या शर्टाची बटणं लावून द्यायची. दुकानात जायची घाई, दातांत हेअरपिन धरलेली, आणि तरी शेवटचं बटण लावलं की कॉलर हातानं सारखी करायची. त्यानं तेच लिहिलं. चाल बांधली ती दोन बोटांत धरता येतील अशा तीन कॉर्डांवर. चौथा त्याला धरताच येत नव्हता.

एका नावाजलेल्या गायिकेनं ते ऐकलं आणि म्हणाली, "याला बाकी वाद्यं नकोत. यांनी वाजवायचं, मी गायचं." चाळीस माणसांच्या खोलीत त्या दिवशी दोघंच होती. काचेपलीकडे संयोजक, मावशी आणि दुकान अर्धा दिवस बंद करून आलेली बायको. रेकॉर्ड निघाली, तेव्हा गीतकार आणि संगीतकार म्हणून त्याचं खरं नाव छापलेलं होतं. ताईनं दहा प्रती विकत घेतल्या. तिच्या घरी रेकॉर्ड लावायचं यंत्रच नव्हतं.

गाणं घरोघरी पोचलं. एके दिवशी त्याला एका निवृत्त पोस्टमनचं पत्र आलं. त्या पोस्टमनच्या बायकोला अर्धांगवायू झाला होता, तिला रोज तो स्वतः कपडे घालायचा. 'पूर्वी मी चिडचिड करायचो,' त्यानं लिहिलं होतं. 'आता गुणगुणतो. तीही सूर लावते. तिला बोलता येत नाही, पण सूर लागतो.'

ते पत्र घेऊन सव्वा आणि त्याची बायको पोस्टमनच्या घरी गेली. आजारी बाई खिडकीशी खुर्चीत बसली होती. सव्वानं गिटार काढली आणि वाजवलं. बाई पहिल्या ओळीला थांबली, दुसरीला तिनं सूर धरला, आणि शेवटपर्यंत सोडला नाही. पोस्टमन पाणी आणतो म्हणून आत गेला तो बराच वेळ बाहेर आला नाही.

त्यानंतर सव्वानं आणखी साठेक गाणी लिहिली. चार-पाच चालली, बाकीची नाही. बोटं बऱ्यापैकी वळायला लागली, पण करंगळी शेवटपर्यंत आडमुठीच राहिली. त्रेसष्टाव्या वर्षी त्यानं आपण होऊन खुर्ची सोडली. त्या दिवशी वादकांनी त्याला बोलायला उभं केलं. बोलण्यात तो कच्चाच.

"मी एकट्यानं कधीच काही वाजवलं नाही," तो म्हणाला. "एकटा बसायची वेळ तुम्ही येऊच दिली नाहीत."

मग त्यानं सगळ्यांना नमस्कार केला आणि खाली बसला. शेजारी बसलेल्या बायकोनं त्याला कोपरानं ढोसलं.

"आणि मी?" ती हळूच म्हणाली.

"तुझं घरी सांगतो," तो म्हणाला. "त्याला वेळ लागेल."