जोडनावेवर उलटी गाडी

माझी शाळा कृष्णेपलीकडं आणि मधे पूल नाही. दोन लोखंडी नावा शेजारी बांधून वर फळ्या ठोकलेली आमची जोडनाव माणसं, दुचाक्या, कधी म्हशी आणि एका खेपेला एक चारचाकी नेते. लांबच्या पुलावरून वळसा घ्यायचा तर दीड तास मोडतो.

नाव दोन्ही काठांना तोंडच लावते, चढायची-उतरायची बाजू एकच, म्हणून गाडी रिव्हर्समध्ये चढवायची, म्हणजे पलीकडं सरळ उतरता येतं. मी पन्नाशीला टेकल्यावर गाडी शिकले. खरं सांगायचं तर पुढं जायलाच शिकले. रोज काठावर दूधवाल्याला गळ घालायची, तो गाडी चढवायचा, मी उगाच घड्याळ बघत उभी.

नाव चाचांची. गाडी चढताना तिच्या मागं, अगदी शेवटच्या फळीवर, पाण्याकडं पाठ करून उभं राहायची त्यांची पद्धत. म्हणायचे, "आरशात पाणी दिसलं की डायवर भितोय. माणूस दिसला की सांभाळून येतोय."

एका सकाळी त्यांनी दूधवाल्याला दंडाला धरून बाजूला केलं. "आजपास्नं बाईंची गाडी बाईच चढिवणार."

असा संताप आला! ही रोजची शोभा नको म्हणून मी बदलीचा अर्ज लिहून पर्समध्ये ठेवला होता. चौथीची पोरं सोडवत नव्हती, म्हणून तो तिथंच पडून होता. मनाशी म्हटलं, आज जमलं नाही तर अर्ज देऊन मोकळी होते.

"या, या. घाबरू नगासा, मी हाय की मागं."

चाकं फळ्यांवर आली. खडखडाट ऐकून माझा पाय चुकीच्या जागी पडला. गाडी चाकं अडवायला मागं ठोकलेल्या ओंडक्यावर आदळली, नाव हेलकावली आणि आरशात नुसती नदी उरली.

मी किंचाळत खाली उतरले. चाचा फळी धरून वर आले, टोपी पिळली, गाडीकडं निरखून बघितलं.

"मधोमध लागलीया की, बाई. हँडब्रेक वडा आता."

सगळा काठ हसत होता. मला मात्र रडू आवरेना. पलीकडं पोहोचेपर्यंत मी त्यांची माफी मागत होते आणि ते इंजिनाच्या आवाजात ऐकू येत नसल्यासारखं करत होते.

दुसऱ्या दिवशी मी मुकाट्यानं किल्ली दूधवाल्यापुढं धरली. चाचांनी ती मधेच घेतली आणि माझ्या हातावर ठेवली.

"चाचा, आज तरी बाजूला ऱ्हावा," दूधवाला म्हणाला.

"का? बाईंस्नी काय दिसायचं मग?"

इतका भरवसा माझ्यावर घरच्यांनीही कधी टाकला नव्हता. पर्समधला अर्ज मी तिथंच फाडला. गाडीत बसले, आरसा सारखा केला. चाचा शेवटच्या फळीवर उभे होते, हातानं मला बोलावत.