जुना ड्रायव्हर काढून टाक

चांगदेवमामांनी एका शब्दानं विचारलं असतं, तर मला यवतच्या स्टँडवर धावावं लागलं नसतं. पण विचारतील ते मामा कसले!

खुटबावचे मामा आमच्या वर्कशॉपचा टेम्पो चालवतात. वडील मेंढ्या राखायचे. मामा हायवेवर आडव्या येणाऱ्या मोटारींनाही 'हुर्र' करतात. डाय म्हणजे लोखंडी साचे गोधडीत गुंडाळून शिरूरच्या कंपन्यांत पोचवतात. गेल्या आठवड्यात पाटसला उसाच्या ट्रॉलीला टेम्पो घासला, तेव्हापासून मात्र वर्कशॉपचे मालक विक्रमशेठ यांच्यासमोर त्यांची नजर वर होत नव्हती. शेठ काहीच बोलले नव्हते आणि तेच मामांना जास्त लागलं होतं.

त्या दिवशी सकाळी माझं डिझाइनचं सॉफ्टवेअर उघडेना. ते चालायला कॉम्प्युटरला पेनड्राइव्हसारखी एक किल्ली लावावी लागते. ती लावलेली होती, तरी स्क्रीनची एकच रड, किल्ली सापडत नाही! शेठनी सॉफ्टवेअरवाल्यांना फोन लावला आणि तिकडून सांगतील ते मला ओरडून सांगू लागले.

"पूनम, आधी किल्ली काढून घे. मग जुना ड्रायव्हर काढून टाक. पार मुळापासून! त्याचं नाव कुठं ऱ्हाता कामा न्हाई. मग नवा टाक."

जुना काढला, नवा टाकला, सॉफ्टवेअर उघडलं. खूश होऊन मागं वळले, तर दाराजवळच्या टेबलावर टेम्पोची किल्ली. टेम्पो बाहेर उभा, मामांचा पत्ता नाही. शेठचं ओरडणं मामांनी दारातून ऐकलं असणार! कॉम्प्युटरला किल्ली ओळखायला लावणाऱ्या प्रोग्रामलाही ड्रायव्हरच म्हणतात, हे मामांना कुणी कधी सांगितलं होतं?

शेठना सांगितलं, तर ते दारात येऊन टेम्पोकडं बघू लागले. "आगं, न भांडता गेलं?" एवढंच म्हणत राहिले.

टेम्पोची किल्ली घेऊन मी धावले, तर मामा स्टँडवर मांडीवर डबा घेऊन बसले होते. धापा टाकत मी सगळं उलगडून सांगितलं आणि मग चिडलेच. "मामा, इतकी वर्सं टेम्पो चालवलात, एकदा विचारायचं तरी!"

"काय इचारायचं? पाटसला चुकलोच व्हतो न्हवं." मामांनी मांडीवरचा डबा बाजूला ठेवला. "पन पोरी, त्यो तुमचा जुना ड्रायव्हर चालत न्हवता का?"

"चालत व्हता की. कॉम्प्युटर नवा आलाय ना, त्याला त्यो चालंना," मी बोलून गेले आणि जीभ चावली.

मामांनी माझ्या हातातून किल्ली घेतली.

"शेठ नवा टेम्पो कवा घेनार हायती?" त्यांनी विचारलं.