सुरळीतून दिसलेला करगा

गोंदियाच्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी वर्तमानपत्राची सुरळी करून माझ्या डोळ्याला लावली आणि म्हणाले, "तुमच्या बाबांना आता एवढंच दिसतं." काचबिंदूने कडा खाल्ल्या होत्या; मधला तुकडा शाबूत होता.

बाबा म्हणाले, "बरंच झालं. शेजाऱ्याचं तोंड तं दिसनार नाही."

मला हसू आलं नाही. त्याच आठवड्यात ते धुऱ्यावरून, म्हणजे शेताच्या बांधावरून, खालच्या बांधीत, धानाच्या खाचरात पडले होते. सालेकशाजवळच्या आमच्या शेतात ते बियाण्याचा धान पिकवतात. त्यात करगा चालत नाही. करगा म्हणजे धानासारखाच दिसणारा रानधान. लोंबाला कुसळ असतं, आणि पिकताच झडून जमिनीत ठाण मांडतो. सरकारी तपासणीत तो सापडला की बियाण्यासाठी शेत बाद. मी बाबांना सांगून टाकलं, यंदापासून शेतात उतरणं बंद.

"करगा निघाला तं बंद करीन," ते म्हणाले. "डॉक्टरच्या पेपरानं नाही."

तपासणीच्या सकाळी मी धुऱ्यावरून फेरी मारली. मी शिक्षक, पर्यवेक्षणाची सवय. शेत स्वच्छ असल्याचा निर्वाळा दिला. बाबा काठी टेकत आत उतरले. एक लोंब हातात, मग शेजारचा. तासाभराने बाहेर आले तेव्हा मुठीत सात करगे होते, मुळासकट.

"हे कायले सोडले, मास्तर?"

"दिसले नाहीत."

"कसे दिसतीन? तू हिंडून राहिला होता."

'संकुचित दृष्टी' हा दुर्गुण असल्याचं मी वर्गात कित्येक वर्षं शिकवत आलो आहे.

मग तपासणीचे साहेब आले. त्यांनी धुऱ्यावरून, गॉगल न काढता, शेताचं कौतुक केलं. सोबतच्या निरीक्षक बाई मात्र चपला काढून प्रत्येक बांधीत उतरल्या. चिखलाने माखून वर आल्या आणि म्हणाल्या, "काका, एकही नाही."

साहेबांनी लगेच फोटोची तयारी केली. "काका, इधर देखो!" बाबांना इधर कुठे ते सापडेना. फोटोत आम्ही सगळे ऐटीत समोर बघतो आहोत. बाबा हातातला लोंब तपासत आहेत. तो फोटो मी बैठकीत लावला आहे.

यंदाही ते शेतात जातात. धुऱ्यावर माझा खांदा धरतात. बांधी आली की सोडतात.

"तू इथंच थांब," म्हणतात. "धान तुडवशील."