ग्रीस आणि देव बरें करूं

म्हापशाच्या स्टँडवर एक मेकॅनिक बसखालून बाहेर आला आणि ग्रीसच्या वासाने माझे खांदे आपोआप ताठ झाले. समुद्रातल्या पोहण्याच्या शर्यतीआधी, खाऱ्या पाण्याने काखा सोलवटू नयेत म्हणून, बाबा मला ट्रकाचे ग्रीस चोपडायचे. डिचोलीला खाणीच्या ट्रकांच्या गॅरेजात कामाला होते ते.

गोव्याची राजभाषा मराठी की कोंकणी यावरून घराघरांत भांडणे पेटली होती, त्या वर्षी मी शर्यतीत पहिली आले. जीभ मिठाने सुजलेली, मानेवर जेलीफिशचा जळजळीत वळ. कुणीतरी हातात कप दिला, पुढ्यात माईक धरला. तोंडातून निघाले, "देव बरें करूं." कोंकणीतले आभार; आमच्या कोरगावात पेलाभर पाणी दिले तरी माणूस हेच म्हणतो.

गावात माझ्या स्वागतासाठी मराठीवाल्यांनी फलक लावला होता. आम्ही पोचलो तेव्हा तो गुंडाळलेला होता. त्यांचे पुढारी, आमचे शेजारी अण्णा, ओसरीवर येऊन बसले आणि माझ्याकडे बोट दाखवत बाबांवर कडाडले, "चेडवान शेण खाल्ल्यान! 'आभारी आहे' म्हणूक काय झाल्लां तिका?"

बाबांनी मान खाली घातली. तेव्हा मी लाजेने रडले होते. आज चीड येते, आणि ती अण्णांपेक्षा त्या खाली गेलेल्या मानेची जास्त.

आईने चहा आणला. अण्णांनी कप घेतला, एक घोट घेतला आणि म्हणाले, "देव बरें करूं गो."

बाबांनी तरीही वर पाहिले नाही. त्यानंतर शर्यतीसाठी आमच्या घरात ग्रीस कधी आले नाही.