शिलाईकाकूंची थरथरती सही

दुपारी दुकान बंद करताना शिलाईकाकू रोज कुलूप तीनदा ओढून बघत. चार पावलं गेल्या की परत येत आणि चौथ्यांदा ओढत. "कुलूप चोरामुळे नाही, तुमच्यामुळे तुटेल," शेजारचा इस्त्रीवाला म्हणे.

घाबरणं त्यांच्या अंगातच होतं. बँकेत, शाळेत, कुठंही छापील कागद पुढे आला की हात थरथरे. दुकानातल्या पावत्यांवरची सही मात्र शिलाईसारखी सरळ.

त्यामुळे वरच्या मजल्यावरची नर्स निवडणुकीला उभी राहिली आणि तिच्या अर्जावर सूचक म्हणून काकूंनी सही केली, तेव्हा थोरल्या जाऊबाईंनी तोंडात बोटच घातलं. "तू? अगं, झुरळाला 'अहो' म्हणतेस तू!"

छाननीच्या आदल्या दिवशी विरोधी उमेदवाराचा माणूस दुकानात आला. हातात कापड नव्हतं. तरी स्टूल ओढून बसला.

"काकू, ती सही बनावट आहे अशी हरकत घेतलीय आम्ही. उद्या साहेब विचारतील. 'आठवत नाही' म्हणा, बास."

काकूंनी हातातली कात्री खाली ठेवली.

"मुलगी कॉलेजला बसनं जाते ना? खिडकीशी बसते." तो हसला आणि गेला.

अर्ज भरायची मुदत संपली होती. ही सही गेली की नर्सचा अर्ज बाद, वर खोट्या सहीचा आळ. काकूंनी सगळं जाऊबाईंना सांगितलं.

"पोरीला उद्या मी माझ्याजवळ ठेवते," जाऊबाई म्हणाल्या. "तू काय बोलायचं ते तुझं तू बघ."

निवडणूक अधिकाऱ्यांच्या खोलीत पंखा गरगरत होता, तरी काकूंच्या पाठीवरून घामाचे ओघळ चालले होते. दाराशी खुर्चीवर तोच माणूस. विरोधी वकिलांनी दुकानाची एक पावती टेबलावर ठेवली.

"साहेब, ही बाईंची सही. आणि ही अर्जावरची, कोंबडीनं पाय ओढल्यासारखी. एका हाताच्या वाटतात?"

"बाई, अर्जावरची सही तुमची आहे?"

'आठवत नाही' हे शब्द काकू सकाळपासून घोकत होत्या. ते ओठांपर्यंत आले. भिंतीला टेकून उभ्या असलेल्या नर्सनं मान खाली घातली होती, उत्तर आधीच कळल्यासारखी.

"माझीच," काकू म्हणाल्या. आवाज इतका बारीक की साहेबांना पुन्हा विचारावं लागलं. "माझीच आहे."

"मग इथे करून दाखवा."

दाराशी खुर्ची करकरली. काकूंच्या हाताला कापरं भरलं. पेन कागदावर अडखळत, ठेचकाळत कसंबसं शेवटाला पोचलं. साहेबांनी दोन्ही कागद शेजारी-शेजारी धरले. तेच लुळं पहिलं अक्षर, तीच शेवटी खाली घसरलेली रेघ. पावती त्यांनी वकिलांकडे परत सरकवली.

"हरकत फेटाळली. अर्ज वैध."

नर्स तिथेच रडायला लागली. दाराशी बसलेला माणूस फोन कानाला लावून बाहेर पडला. तो कुणाशी बोलत होता, काय सांगत होता, काही कळायला मार्ग नव्हता. काकू उठल्या आणि शिपायाला हळूच म्हणाल्या, "दादा, इथे बायकांचं बाथरूम कुठंय हो?"