जुडास-सान

नागोयातल्या म्युझियममध्ये रेनेसाँ काळातली चित्रं दाखवायला आम्हाला सत्तरीचे एक जपानी आजोबा मिळाले. प्रत्येक चित्राला आधी कमरेत वाकून नमस्कार करायचे, मग सावकाश इंग्रजीत बोलायचे. चित्रातल्या प्रत्येकाला 'सान' लावायचे, आपण 'राव' लावतो तसं. मारिया-सान, येशू-सान. देवदूतांनाही सोडलं नाही.

येशूच्या शेवटच्या जेवणाचं चित्र आलं. "हे जुडास-सान. हे येशू-सानांना पकडून देणार आहेत."

माझी बायको पुण्याची. तिनं फाडकन विचारलं, "गद्दाराला कसलं सान?"

चित्रातल्यांना ऐकू जाईल अशा धास्तीनं आजोबा कुजबुजले, "पण जेवण अजून संपलेलं नाही ना."

आमच्या साहेबाला मी घरी टकल्या म्हणतो. आता निदान जेवताना तरी टकल्या-सान म्हणतो.