आयला

आमच्या घरात ‘आयला’ म्हटलं की पाठीत धपाटा बसायचा. त्यामुळे सिडनीत, आमच्या क्वेकर्स हिलला कुंपणापलीकडची सत्तरीची बाई हात उंचावून “आयला” म्हणाली, तेव्हा माझी आई दोन पावलं मागे सरली. ते तिचं नाव होतं. फिनलंडमध्ये अगदी चारचौघींसारखं.

आई पुण्याहून सहा महिन्यांसाठी आली होती आणि विमानं बंद झाल्यामुळे अडकली होती. तिने ते नाव कधी तोंडातून काढलं नाही. ‘त्या फिनलंडवाल्या’ म्हणायची. मी एकदा आयलाला अर्थ सांगून टाकला. ती हसली नाही. “कधी म्हणतात?” तिने विचारलं. बाकीचे शब्द संपले की, मी म्हणालो. “चांगला शब्द आहे. पानभर संवाद लिहायचे वाचतात.”

संवाद वाचवणं हाच तिचा धंदा. तिकडच्या टीव्ही मालिका आणि चित्रपट लिहिण्यात तिचं आयुष्य गेलं होतं. नवरा गेल्यावर ती मुलाजवळ सिडनीला आली. बागेत बसून पटकथेतल्या ओळी पेन्सिलीने खोडत असायची. “दुःखातलं माणूस वाक्य पूर्ण करत नाही,” हे तिचं पालुपद.

तिच्या शेवटच्या चित्रपटाचं शूटिंग तिकडे सुरू होत होतं आणि सीमा बंद असल्यामुळे ही इकडे. त्यात निर्मात्याची मेल आली. शेवटच्या प्रसंगात विधवा नवऱ्याच्या रिकाम्या पलंगाजवळ नुसती बसते, हे प्रेक्षकांना कळणार नाही. तिला बोलू दे, नाहीतर दुसरा लेखक लिहील. आयलाला झोप लागेना. “आयुष्यभर जे खोडलं, तेच लिहायला सांगतायत.”

“एकच तर सीन आहे, लिहून टाक,” मी म्हणालो. ती माझ्याकडे अशी बघत राहिली की मी मुकाट्याने झाडांना पाणी घालायला लागलो.

त्याच आठवड्यात पुण्यात मामा कोविडने गेला. आईने भावाचे अंत्यसंस्कार मोबाइलवर पाहिले. मग फोन सुरू झाले: सुटला बिचारा, देवापुढे कुणाचं चालतं, तू काळजी घे. आई सगळ्यांना हो हो म्हणाली आणि बागेत जाऊन बसली. आयलाने पाहिलं, आपली खुर्ची कुंपणापाशी ओढली आणि पलीकडे बसून राहिली. अंधार पडेपर्यंत दोघींपैकी कुणी बोललं नाही.

“त्या फिनलंडवाल्यांना कळतं रे,” जेवताना आई म्हणाली, आणि दिवसभरात पहिल्यांदा रडली.

दुसऱ्या दिवशी आयलाने निर्मात्याला नकार कळवला. विधवेचं भाषण दुसऱ्या कुणी लिहिलं. आयलाने चित्रपटावरून स्वतःचं नाव काढून घ्यायला लावलं. “तेही खोडलं,” ती म्हणाली. एवढ्या कामाचा शेवट असा व्हावा, याचा मला अजून राग येतो.

सीमा उघडल्यावर आई पुण्याला गेली, आयला तिच्या गावी. परवा आयलाच्या मुलाने कळवलं की ती वारली. आईला कसं सांगायचं याची वाक्यं जुळवत मी फोन लावला. सांगून झालं.

मग उभ्या जन्मात पहिल्यांदा आई म्हणाली, “आयला.”

पुढे ती बोलली नाही. मीही फोन कानाला लावून नुसता बसून राहिलो.